तळ्याच्या टोकाचा म्हसोबा

२० डिसेंबर, शनिवार

सगळ्यात आधी आली ती धुरपदाबाई! काल येळवस, मार्गशीर्षातली वेळ अमावस्या. रानात कडब्याची कोप घातलेली, पाच पांडवांची पूजा अजून व्हायची, शेंगा-भाज्यांची भज्जी चुलीवर रटरटतेय — अन् ही बया रिकामा तांब्या घेऊन हजर. "आंबील झाली का गं, अयोध्ये?" म्हणलं, आधी देवाला तर दाव! बारा-तेरा वर्सांची होती तवाबी अशीच. पोट आधी, देव मागून.

तिच्या मागं जीप. तळ्याचं काम बघणारे उमाशंकर साहेब अन् संगं एक पोरगी, शिवांजली मॅडम. येळवशीला रानात आलेल्या माणसाला उपाशी लावत न्हायती. बसवलं. साहेबांनी तीनदा भज्जी घेतली. मॅडमनं आंबील आधी नाकाशी धरली, मग दोन तांबे! मला लई बरं वाटलं.

मॅडम म्हणली, "आजी, तळं कधी बांधलं, कसं बांधलं, जुना कागदच सापडंना." कागद कशाला? मी जित्ती हाय की!

मग साहेबांनी खरं सांगितलं. अवंदा एवढा पाऊस, सांडव्यावरून पाणी गेलं, तरी उन्हाळ्याआधी तळं रिकामं होणार. दर साली तेच. बांध कुठंतरी गळतोय. जागा सापडली तर दुरुस्तीच्या यादीत नाव. न्हाय सापडली तर बांध फोडून पाणी मोकळं करायचं — गळका बांध पावसात खालच्या वस्तीवर यायचा, म्हणून.

फोडायचं म्हणं! धुरपदाबाईचा घास तोंडातच राहिला.

२१ डिसेंबर

पाय ठणकतेत. नात शिवकन्या वही देऊन गेली तवा म्हणली होती, आजी, रोज चार ओळी लिही. ह्या झाल्या.

२३ डिसेंबर, मंगळवार

मॅडम आज एकटीच आली. तिला घेऊन आख्खा बांध चालले. सून म्हणती, "आत्या, गुडघे?" गुडघे घरी ठिवून आले म्हणलं!

मॅडमला सगळं दावलं. दोन डोंगरांच्या मधी ओढा होता, तिथं आडवा बांध घातलाय. ह्या अंगाचा डोंगर सीताफळीचा, त्या अंगाचा नुसता खडक. सांडवा खडकातच कोरलाय, म्हणून अजून ढळला न्हाय. बहात्तरचा दुष्काळ. मी बारा वर्सांची. आई कुदळ मारायची, आमी पोरी पाटीनं माती वाहायचो. दुपारी सरकारी सुकडी खायला मिळायची. धुरपदा माझ्यातली बी खायची!

आधी बांधाच्या पोटात चर खांदला, ह्या डोंगरापासून त्या डोंगरापर्यंत. त्यात काळी माती भरून तुडवली, पाणी झिरपू नये म्हणून. बायांनी पायानं तुडवली, ओव्या म्हणत. मॅडम भराभरा लिहीत होती. माझं बोलणं कुणी लिहून घेतंय! आमच्या मालकानं जल्मात कधी पुरतं ऐकलं न्हाय.

खडकाकडच्या टोकाला म्हसोबा हाय. तिथं आल्यावर म्या सांगून टाकलं — चर इथंवर आलाच न्हाय. सहा हात अलीकडं थांबला. देव होता म्हणून कुणी कुदळ लावली न्हाय. नुसती माती लोटून बांध देवाला टेकवला. अन् पल्याडच्या अंगाला देवाच्या बुडातून बारमाही पाणी झिरपतंय, त्याला गाव तीर्थ म्हणतं. बाटल्या भरून नेतेत!

मॅडम वाकून बघतच राहिली. "आजी, हीच गळती!"

तिला सगळं सांगितलं. एक सोडून.

२६ डिसेंबर

बलभीम येऊन ओरडून गेला. तोच म्हसोबाची पूजा करतो. त्याचा बाप तवा आमचा मुकादम. "अयोध्याकाकू, तीर्थाला गळती म्हणता? जिभेला हाड हाय का?" म्हणलं, बस, चहा घे. बसला न्हाय. बिचारा, रोज पहाटं आंघोळ करून देवाला पाणी घालतो. वाईट न्हाय तो.

३० डिसेंबर, मंगळवार

साहेब येऊन मोजून गेले. जागा तीच. देव काढून तिथं खोल चर खांदायचा, काळी माती ठासायची, मग तळं उन्हाळाभर टिकंल. पण साहेब म्हणले, "आजी, देवाला मी हात लावणार न्हाई. गावानं एकमतानं लिहून दिलं तर काम. न्हाई तर आमचा नाइलाज."

बलभीम म्हणला, गाव मेलं तरी सही करणार न्हाय. पाच-पन्नास माणसं त्याच्या मागं.

१ जानेवारी

धुरपदाबाईला म्हणलं, सांगून टाकू. ती कावली. "चोपन्न वर्सं गप बसलीस, आता मरायला दोन वर्सं राहिल्यावर कशाला? नातवंडं तोंडावर थुकतील." म्हणलं, थुकू दे. तोंड धुवायला पाणी तर राहील! हसली न्हाय. तांब्या तिथंच टाकून गेली.

राती पडल्या पडल्या आईचे तळहात आठवले. ठरलं. रविवारी गाव मारुतीपुढं जमणार हाय. बोलायचं.

४ जानेवारी, रविवार

बोलले.

उभी राहिले, पदर खोचला, सगळ्यांसमोर सांगितलं. तो म्हसोबा न्हाय. नुसता दगड हाय. आईच्या हाताची सालं निघाली होती, अंगात ताप, अन् दुसऱ्या दिशी तोच दगड फोडायची पाळी तिची. बैल तर विकलेला, पण पोळ्याला शिंगं रंगवायचा लाल रंग घरात पुडीत राहिलेला. म्या तो तेलात कालवला अन् पहाटं दगडाला फासला. सकाळी मुकादमानं बघितलं, चपला काढल्या, कुदळी थांबल्या. आईला कधी सांगितलं न्हाय. ती मरस्तवर त्या दगडाला नारळ फोडत होती.

 बलभीम खालीच बघतोय. मला वाटलं, आता दगड येतोय.

तवा मागनं धुरपदाबाई उठली. "तेल माझ्या घरचं होतं," म्हणली. "अन् डोळे म्या काढले. डावा जरा वाकडा झाला."

बलभीम उठला. मग म्हणला, "डावा वाकडाच हाय." टोपी काढून हातात घेतली. "रोज पुसतो मी त्यो. बापानं सांगितलेला." अन् मग — "काकू, तुमी दोघींनी बसवला, तर उठवा बी तुमीच. पर पाणी घालून, नीट." सही पहिली त्यानंच केली.

साहेब गुरुवारी, आठ तारखेला, मशीन घेऊन येतो म्हणालेत. पहिली कुदळ माझी. दुसरी धुरपदेची.