पिवळ्या दगडाचं गाव

एग्मोर, चेन्नई
९ जून २०२४

चि. सेतुमाधव भावजींस अनेक उत्तम आशीर्वाद.

फोनवर तुम्हांला ऐकू येत नाही आणि कानाचं यंत्र तुम्ही कपाटात जपून ठेवता, म्हणून पत्र. ह्यांना जाऊन पाच महिने झाले, तेव्हा कुठे ह्यांची ट्रंक उघडायचं धाडस केलं. लोकरी मोज्यात बिस्किटांचा डबा, त्यात एक पिवळा दगड आणि जांभळ्या उजेडाचा छोटा दिवा. दगडाला पापडासारखे पापुद्रे आहेत. दुपारी पडदे ओढून दिवा धरला, तर काय सांगू! केळीच्या कोवळ्या पानावर ऊन पडावं तसा हिरवागार पेटला. दिवा बंद केला की विझला.

आता रोज दुपारी बघते आणि उशाशी ठेवते. उशीच्या अभ्र्यावर पिवळी पूड पडते, ती फुंकून टाकते. हा कसला दगड? संयुक्ता पुढच्या महिन्यात बाळंतपणाला येते आहे. तिला दाखवीन म्हणते.

तब्येतीला जपा आणि वहिनीवर माया असू द्या.

महालक्ष्मी

तंजावूर
१३ जून २०२४

ती. वहिनींस सेतुमाधवचा साष्टांग नमस्कार.

पत्र वाचून घाबरलो, पण तुम्ही घाबरू नका. तो ऑट्युनाइट, म्हणजे युरेनियमचं खनिज. चमकतो तो किरणोत्सर्गामुळे नव्हे. दिव्याचे अदृश्य किरण पडले की त्यातलं युरेनियम ते हिरव्या उजेडात परत करतं. किरणोत्सर्ग वेगळा. तो दिसत नाही, आणि दिवा असो नसो, चालूच असतो. कोरड्या हवेत दगडातलं पाणी उडतं आणि तो भुगा होऊ लागतो. पूड श्वासातून आत जाणं वाईट, आणि त्यातून एक वायूही निघतो. फुंकू नका, झाडू मारू नका. तोंडाला फडकं बांधून ओल्या कपड्याने पुसा, तो कपडा आणि अभ्रा पिशवीत बांधा, डबा घट्ट लावून गच्चीवर ठेवा, हात साबणाने धुवा.

संयुक्ता येण्याआधी तो घरातून गेलाच पाहिजे. खरं तर दादाने तेव्हाच आमच्या अणुखनिज खात्यात जमा करायला हवा होता. माझ्या ओळखीचे अधिकारी येऊन नेतील. फक्त दगड कुठला आणि कधीचा, ते त्यांना हवं. गाव माहीत नसलेल्या दगडाला आमच्यात किंमत नाही. डब्यात चिठ्ठी आहे का?

रागावू नका आणि आशीर्वाद असू द्या.

सेतुमाधव

एग्मोर
१८ जून २०२४

चि. सेतुमाधव भावजींस आशीर्वाद.

सांगितलंत तसं सगळं केलं. पण द्यायला मन होत नाही. अडतीस वर्षांच्या संसारातली अर्धी वर्षं हे कॅम्पात. घरी आले तरी बोलणं मोजकं. उरलं काय, तर हा एक दगड, आणि तोही उशाशी ठेवू नये असं तुम्ही म्हणता.

चिठ्ठी आहे. गाव नाही, नुसती तारीख: ११ मार्च १९९१. भावजी, त्या दिवशी संयुक्ता झाली. मी माहेरी होते, कळा सुरू झाल्यावर माझ्या अप्पांनी तार केली होती. हे आले आठव्या दिवशी. जीप बिघडली होती, एवढंच म्हणाले. मी पुन्हा कधी विचारलं नाही आणि विसरलेही नाही. माझी तार हातात असताना हे दगड गोळा करत होते का? तुम्ही त्याच कॅम्पात होता. खरं काय ते लिहा.

महालक्ष्मी

तंजावूर
२२ जून २०२४

ती. वहिनींस साष्टांग नमस्कार.

तुमचं पत्र तीनदा वाचलं. दादाने शपथ घातली होती, ती आज मोडतो.

तार सकाळीच आली. दादा जीपमध्ये बसलाही होता. तेवढ्यात आमच्या खोदकामावरचा मजूर गुंडो धावत आला. त्याची बायको बाळंत होत नव्हती, रक्त थांबत नव्हतं. जीप एकच, बसचा रस्ता चाळीस किलोमीटरवर, आणि जिल्ह्याचं इस्पितळ तुमच्या नेमक्या उलट दिशेला. दादा उतरला आणि तिला आत झोपवलं. मूल आणि बाई दोघंही वाचली. परत येताना जीप खरंच बिघडली, ती पाचव्या दिवशी आली.

तार आली त्या दिवशी, जीप गेल्यावर, दादाला बसवेना. बोम्मनगुंट्याच्या ओढ्याकाठी तो दिवसभर हातोडी मारत राहिला. हा दगड तेव्हाचा. तुम्हांला सांग असं मी किती विनवलं! तो म्हणाला, की हे कळलं तर ती बरोबर केलंत म्हणेल, आणि मग बिचारीला रागवायलाही जागा उरणार नाही.

क्षमा असावी.

सेतुमाधव

एग्मोर
५ जुलै २०२४

चि. सेतुमाधव भावजींस अनेक आशीर्वाद.

काल दोघं अधिकारी येऊन दगड घेऊन गेले. चिठ्ठीवर बोम्मनगुंटा मी माझ्या हाताने लिहिलं. संयुक्ता सुखरूप पोचली. तिला सगळं सांगितलं. पोटावर हात ठेवून म्हणाली, की गुंडोचं मूल म्हणजे माझ्याच वयाचं असेल.

ह्यांनी मला ओळखलं होतं तेवढं बरोबर. बरोबर केलंत, असंच मी म्हटलं असतं. पण भावजी, म्हणून मी रागावले नसते, हे ह्यांना कोणी सांगितलं? दोन्ही केलं असतं. पाट मांडला असता, वाढलं असतं आणि वाढतावाढता चांगलं तासभर भांडले असते. तेहेतीस वर्षं मी गप्प राहिले आणि हेही. आता बोलायचं तेवढं सगळं तयार आहे, आणि समोरची खुर्ची रिकामी.

बाळाच्या बारशाला या. यंत्र कानात घालून या, मला खूप बोलायचं आहे.

तुमची वहिनी
महालक्ष्मी