डोंगरातली वाट आणि गुलबर्गा लाइन

९ जाने. ७८, हुमनाबाद
लागलो! रोजंदारी का असेना, काम रेल्वेच्या मोजणीचं. बीदर-गुलबर्गा नवी लाइन. डिप्लोमा होऊन दीड वर्ष घरीच बसलो होतो. मोजणीचे इंजिनियर मूर्तीसाहेब सिकंदराबादचे, हिंदी तेलुगू वळणाची. कन्नड-मराठी दोन्ही येतं म्हणून मला घेतलं. दुपारी मोजणीच्या दुर्बिणीतून पट्टीवरचे आकडे वाचून दाखवले. साहेबांनी स्वतः एकदा बघितलं, आकड्यांची वही माझ्या हातात दिली.

११ जाने.
बीदरला निजामाच्या काळापासून गाडी. गुलबर्ग्याला मुंबई-मद्रासची मोठी लाइन. पण बीदरहून गुलबर्ग्याला गाडीनं जायचं तर विकाराबादेवरून केवढा वळसा! हुमनाबादेत नुसत्या लॉऱ्या. चहाच्या हॉटेलात जो तो विचारतो, स्टेशन कुठं होणार. आमच्यातले म्हातारे खलाशी, म्हणजे मोजणीचे गडी, बसप्पाअण्णा मोजणीची पट्टी धरतात. विचारणाऱ्याच्या घराशेजारीच स्टेशन सांगून ते मोकळे होतात. गंमत वाटते. पण मीही मनात फलाट बांधायलोय.

१६ जाने.
कमलापूरच्या अलीकडं डोंगर लागला. आमचं गाव याच्याच पायथ्याला. हिशेब केला, बोगदा फार लांब होतो. साहेबांनी कागद बाजूला सारले. शनिवारपर्यंत दुसरी वाट सापडली नाही तर लाइन परवडत नाही असं लिहून परत जाणार म्हणाले. म्हणजे हे सगळं फुकट.

१७ जाने.
घरी मुक्काम. जेवताना आईला सांगितलं. ती भाकरी थापतच म्हणाली, "डोंगर कामून फोडायलाव? खिंड हाय की तिकडं."
जन्म इथं गेला, मला खिंड माहीत नाही. खोदून विचारलं तेव्हा सांगितलं. मी पाळण्यात असताना ती तिथं गवताला जायची. खिंडीच्या तोंडाशी ज्याचं शेत, त्यानं एकदा आमच्या वस्तीतल्या बायांचे विळे हिसकावून घेतले, पुन्हा इकडं यायचं नाही म्हणून हाकललं. पळताना आई पडली, मनगट मोडलं. परत वस्तीतलं कुणी गेलं नाही. मला आजवर सांगितलं होतं, पाटा पडला हातावर.


१८ जाने.
साहेबांना सांगितलं. नकाशात तसं काही दिसत नाही म्हणाले. बसप्पाअण्णा कन्नडात म्हणाले, नकाशा काढणारा गवत कापायला गेला नव्हता. मी हिंदी करून सांगितलं, साहेब हसले. उद्या बघू म्हणाले.
आई म्हणते मीच येते, सांगून वाट सापडायची न्हाई. मी नको म्हणालो. ऐकेना.

१९ जाने.

सकाळी निघालो. आई पुढं, साहेब तिच्या मागं, मग मी आणि दुर्बीण. खिंडीच्या तोंडाशी शेताच्या बांधावर तोच मालक उभा. म्हातारा झालाय, पण आवाज करडा. साहेबांना रामराम केला. मग आईकडं बघून, "तू कुणाला इचारून आलीस?"
मी पुढं झालो. आईनं हातानं मागं सारलं. सावकाश म्हणाली, "रेल्वेच्या कामाला आलाव. वाट मी दाखवायले."
साहेबांना शब्द कळले नसतील. त्यांनी मला विचारलंही नाही. खिशातला सरकारी कागद मालकापुढं धरला आणि आईला म्हणाले, "अम्मा, आप आगे चलो." मालक बाजूला झाला.
बाभळी, घाणेरी, दगड. आई दोनदा थांबली, वाटलं विसरली. मग एका कपारीला वळसा घालून गेली आणि पलीकडचा उतार एकदम समोर. गुलबर्ग्याकडचं सगळं रान मोकळं! साहेबांनी टोपी काढली, घाम पुसला, दुर्बीण लावा अशी खूण केली.

२० जाने.
तेच आकडे तीनदा घेतले. साहेबांचा विश्वास बसेना, माझाही. बोगदा निम्म्याहून कमी! बसप्पाअण्णांनी गूळ-शेंगा वाटल्या. साहेबांनी नकाशावर पेन्सिलनं तुटक रेघ ओढली, विचारलं, या जागेचं नाव काय? आईला विचारलं. "आमी नुसतं खिंडच म्हणताव." तसंच लिहिलं.
आईनं विचारलं, मग गाडी कवा येणार? साहेब म्हणाले, अम्मा, कागदाला वेळ लागतो. तिला त्यात काही विशेष वाटलं नाही.

३ फेब्रु.
तंबू उठले. साहेबांनी अनुभवाचा दाखला दिला, पत्ता लिहून घेतला. बसप्पाअण्णा लॉरीत चढताना म्हणाले, रेल्वेची भरती निघाली की अर्ज टाक, मागं राहू नको. मोजणीचे खुंटे तेवढे राहिले. रोज एक फेरी मारून बघतो.

१ सप्टें.
साहेबांचं पत्र! वरच्या ऑफिसात दोन मार्ग पाठवलेत, एक जुना लांब बोगद्याचा, एक खिंडीतला. कोणता घेतील, घेतील की नाही, त्यांनाही माहीत नाही. खिंडीचा मार्ग आपण स्वतः जोर देऊन लिहिलाय म्हणतात. भरतीचं अजून काही नाही. आईला दोनदा वाचून दाखवलं. तिनं पत्र हातात घेतलं, वाचता येत नाही तरी बराच वेळ बघितलं.

४ सप्टें.
आई सकाळी विळा घेऊन एकटीच गेली. कुठं ते सांगितलं नाही. दुपारी गवताचा हिरवागार भारा घेऊन आली, खिंडीकडून. भारा उतरवून घेतला. मालक भेटला का, विचारलं.
"भेटला की. बाजूला झाला."
 पाणी प्याली. उद्या शेजारच्या दोघी तिच्यासंगं गवताला येतो म्हणाल्यात.