सरांच्या कोटाची बाही

गुरुवार, दोहा. संध्याकाळ.

मॅसेडोनियात मला कायदा शिकवणारे सर आता तिथले राष्ट्राध्यक्ष आहेत. आज इथे जवळच, लुसैल शहरातल्या एका कार्यक्रमात भेटले. शिकवताना त्यांच्या कोटाची बाही कायम खडूनं माखलेली असायची. आज अगदी स्वच्छ होती. पुण्यात कॉलेजात शिकवायचे तेव्हा लेक्चरनंतर माझी ओढणीही अशीच खडूनं माखायची.

वाटलं, ओळखणारच नाहीत. पण गार्डला बाजूला करून त्यांनी नावानं हाक मारली.

"आता काय शिकवतेस?"

काय सांगणार? ह्यांच्या नोकरीपायी इथे आले, शिकवणं तेव्हाच खलास. त्या बाहीकडेच बघत मी म्हणाले, "काहीच नाही, सर."

त्यांनी नुसता माझा हात थोपटला.

घरी लेकीनं विचारलं, "आई, डिड ही रिमेंबर यू?"

हो गं. ते विसरले असते तर बरं झालं असतं.