माफी, तपशिलासह

३ फेब्रुवारी
आज कोर्टात एक किरकोळ गैरसमज झाला. लगेच लिहून ठेवते, नंतर तपशील बिघडतात.

रावियाच्या कोठडीची तारीख होती. माझी पहिली स्वतःची अशील. घरकाम करते. मालकिणीच्या बांगड्या चोरल्याचा आरोप आहे, पण बांगड्या सुनेच्या कपाटात सापडल्याचा जबाब फायलीतच आहे. मी तोंड उघडायच्या आत न्यायाधीश साहेब म्हणाले, कोठडी वाढवली. मी म्हटलं, फाईल वाचून निर्णय व्हावा. म्हणाले, वाचली. मी म्हटलं, साहेब, फायलीची दोरी अजून सोडलेली नाही.

मागच्या बाकावर कुणीतरी हसलं. मी हसले नाही, याची नोंद असावी.

रोजनाम्यात आलं: वकिलाकडून भर कोर्टात न्यायासनाचा अवमान. चौकशी सरकारी वकिलांकडे. राविया दोन आठवडे आत.

मला काही वाटलं नाही. अजूनही वाटत नाही. यालाच आत्मविश्वास म्हणत असावेत.

४ फेब्रुवारी
ज्येष्ठ वकील उस्ताद शौकत यांच्या हाताखाली मी उमेदवारी करते; इथे वकिलाला उस्ताद म्हणतात, वकीलबाईला उस्ताझा. इजिप्तभर नाही, पण सगळं तांता शहर त्यांना ओळखतं. म्हणाले, पोरी, न्यायाधीशाला खरं सांगायचं असेल तर आधी त्याच्या आईची तब्येत विचारावी. हे कुठल्या कलमात आहे, मी विचारलं. त्यांनी कपाळाला हात लावला.

त्यांचा बेत असा: साहेबांच्या खोलीत जायचं, चहा येईल, मी खाली मान घालून माफी मागायची, ते साहेबांच्या डोक्याचं चुंबन घेतील, विषय मिटला. इथे पिढ्यान्‌पिढ्या असंच मिटतं. मग पुढच्या तारखेला रावियाचं म्हणणंही ऐकलं जाईल.

मी तयार आहे. फक्त माफी नेमकी कशाची, ते ठरवायला हवं. खोटी माफी हाही कोर्टाचा अवमानच.

६ फेब्रुवारी
मसुदा पहिला: आवाज चढला याबद्दल क्षमस्व. चढला नव्हता. खोडला.
दुसरा: दोरीचा उल्लेख केल्याबद्दल क्षमस्व. दोरी होतीच. खोडला.
तिसरा: साहेबांचा गैरसमज झाला याबद्दल मला खेद आहे. हा चांगला जमला. उस्तादांनी वाचला आणि विचारलं, ही माफी आहे की दुसरा गुन्हा?

बाबांना फोन केला. दहा वर्षांची होईपर्यंत त्यांनीच मला घरी शिकवलं. न केलेल्या चुकीबद्दल सॉरी म्हटलं की धडा पुन्हा लिहायला लावायचे. म्हटलं, ते तरी माझ्या बाजूने असतील. म्हणाले, अगं, तेव्हा तू आठ वर्षांची होतीस, आता जा आणि माफी मागून ये. बाबा थकलेत.

१० फेब्रुवारी
रावियाची आई, हाज्जा इन्साफ, ऑफिसात आली. म्हणाली, आत पोरीची कंबर धरलीय, गार फरशीवर झोपते. मी तिला तत्त्व समजावून सांगितलं, शांतपणे, उदाहरणं देऊन. म्हणाली, बाई गं, माफीच मागायचीय ना? कुणी तुझी किडनी मागितली का?

मग उठून गेली. पटलं असावं.

१२ फेब्रुवारी
साहेबांच्या खोलीत गेलो. मी ठरवलं होतं, एकच शब्द: क्षमस्व. बाकी काही नाही.

चहा आला. उस्तादांनी चुंबन घेतलं. मी क्षमस्व म्हटलं. साहेब हसले सुद्धा. म्हणाले, मुलीसारखी आहेस, आणि फाईल मी आदल्या रात्री घरी वाचली होती बरं का.

इथपर्यंत सगळं उत्तम चाललं होतं.

मी एवढंच म्हटलं की फाईल कोर्टात पोचली तीच मुळी त्या दिवशी सकाळी. आवकचा शिक्का आहे.

उस्तादांचा चहा पॅंटवर सांडला. साहेब उठून आतल्या खोलीत गेले. परतीच्या वाटेवर उस्ताद माझ्या दहा पावलं पुढे चालले. मला वाटतं, साहेबांच्या मनात कुठेतरी आदर निर्माण झाला.

१३ फेब्रुवारी
संकल्प: अटक झाली तर जामीन मागायचा नाही. बॅग भरली. लोकरीचे मोजे, दात घासायचा ब्रश, दंडसंहिता. आरशासमोर भाषण म्हटलं. हुंदका येईल असं एक ठिकाण होतं, तिथे आला नाही.

१५ फेब्रुवारी
चौकशी झाली. सरकारी वकील माझ्याच वयाचा, डाळ-भाताची कोशरी खात होता. कागद वाचता वाचता त्याला ठसका लागला. मग शेरा मारला: बाब महत्त्वाची नसल्याने दप्तरी दाखल.

मी हरकत घेतली. म्हटलं, मला बाजू मांडायची आहे. म्हणाला, उस्ताझा, घरी जा, जेवा.

या शेऱ्याविरुद्ध अर्ज करता येतो का, पाहायला हवं. पण आधी राविया. परवा तिची तारीख. सलग चाळीस मिनिटं युक्तिवाद करायचा.

१७ फेब्रुवारी
झगा इस्त्री करून वेळेआधी पोचले. रावियाचं नाव पुकारलं तेव्हा उठले. माझ्याआधी एक म्हातारे वकील उठलेले होते. वकीलपत्र त्यांचं, सही हाज्जा इन्साफची. ते म्हणाले, न्यायासनाच्या दयेवर सोडतो. पुढे काहीच नाही. बांगड्या नाहीत, कपाट नाही, जबाब नाही. अत्यंत कच्चा युक्तिवाद.

साहेब म्हणाले, सोडा.

बाहेर व्हरांड्यात राविया कंबरेवर हात ठेवून उभी होती. तिने माझा हात धरला. म्हणाली, उस्ताझा, आई सांगत होती, माझ्यापायी तुमच्यावर केस झाली. फार मनस्ताप दिला मी तुम्हाला. माफ करा.

मी म्हटलं, हरकत नाही.