भिंतीमागची गरम हवा

केज, मंगळवार, मे महिन्यातली संध्याकाळ

एसी बसवून आठवडा झाला. बाळाचं घामोळं गेलं, दुपारी शांत झोपतं. आम्हालाही बरं वाटतं, खोटं कशाला लिहू? पण आज शेजारच्या पार्वतीमावशी दारात आल्या. त्यांच्या शेळ्या आमच्या मागच्या भिंतीच्या सावलीला बसतात, आणि एसीचा बाहेरचा डबा नेमका तिथंच लावलाय. म्हणाल्या, "ताई, त्या डब्यातून लई गरम हवा येती. शेळ्या बसंना गेल्यात." रागावल्या असत्या तर बरं झालं असतं.

मी एसी बंद केला. बाळ रडत उठलं, मग पुन्हा लावला. हे म्हणाले, "आपल्या एकट्यानं बंद करून उन्हाळा कमी होणाराय का?" नसेल होणार. पण मग कुणी बंद करायचा?

नंतर मागं जाऊन त्या हवेत हात धरला. झळ लागली. मी मावशींना म्हणाले, "दुपारी तुम्ही आमच्यात येऊन झोपत जा."

"मी यीन," त्या म्हणाल्या, "पर शेळ्यायचं काय करू?"

हे लिहितेय तेव्हाही एसी चालूच आहे.