अडकित्त्याने तोडलेली गोळी

नाना, तो शेवंतीचा वाफा तुम्हाला आठवत असेल. मी सातवीतून शाळा सोडून नुकता तुमच्या हाताखाली आलो होतो. तुम्ही फुलं घेऊन नदीकाठच्या फुलबाजाराला गेलात, आणि शाबासकी मिळेल म्हणून मी एकट्यानेच फवारणी उरकली. मोठ्या झाडांना देतात तेवढंच औषध कोवळ्या रोपांवर मारलं. पानं करपली. तुम्ही मला कानाला धरून वाफ्यापाशी नेलंत. "अरे, रोप हाय ते! त्याला निम्मं द्यायचं. जीव बघून औषध मारायचं." तेव्हापासून रोपाला मी निम्मंच देत आलो.

आता ऐका. माझी नात चौदा वर्षांची आहे, तुम्ही गेल्यानंतर जन्मलेली, तुम्ही तिला पाहिलं नाही. उन्हाळ्यापासून ती खाईना, शाळेत जाईना, आणि एकदा पोळ्या लाटणाऱ्या आईला सहज म्हणाली, "मी झोपले आणि उठलेच नाय, तर तुम्ही सुटाल ना गं?" सुनेच्या हातातलं लाटणं तसंच राहिलं. आम्ही तिला मनाच्या आजारांच्या डॉक्टरबाईंकडे नेलं. बाई पोरीशी एकटीशी बराच वेळ बोलल्या, मग आम्हाला आत बोलावलं. रोज सकाळी खाल्ल्यावर एक गोळी. गुण यायला काही आठवडे लागतील, तोवर तिला एकटं सोडू नका. तळमळ वाढली, झोप उडाली, मरणाचं किंवा निराशेचं बोलली, तर लगेच फोन करा. आपल्या मनाने गोळी बंद करू नका, कमी-जास्त करू नका. मग त्यांनी विचारलं, "शेतीची औषधं कुठे ठेवता?" त्याच दिवशी ती घरातून हलवून मळ्यातल्या खोलीत कुलपात घातली. पोरीच्या गोळ्या माझ्या ट्रंकेत, आणि दोन्ही किल्ल्या माझ्या करदोट्याला.

इथेच माझं चुकलं. बायको गेल्यावर मलाही अशीच गोळी सुरू झाली होती. दोन्ही पाकिटं शेजारी ठेवून पाहिली तर नाव तेच, आकडाही तोच. मी एवढा थोराड माणूस आणि ती काडीसारखी पोर! बाईंची नजरचूक झाली असं मीच ठरवलं. त्यांना विचारायचं सोडून सुपारीचा अडकित्ता काढला. निम्मी गोळी तिला, निम्मी चुन्याच्या रिकाम्या डबीत. महिना होत आला.

"आबा, गोळी मोडकी का असते?"

"गिळायला सोपी जाते."

"मी काय बाळ हाय का?" सुरुवातीला एवढं म्हणून ती हसायची तरी.

आज सकाळी गोळी तळहातावर घेऊन ती नुसती बघत राहिली. "आबा, गोळीनं पण काय होत नाय. दुसऱ्यांना गुण येतो, मला नाय. म्हंजे मी आता बरी होणारच नाय ना?" नाना, तिला वाटतंय औषध हरलं, आणि पुरतं औषध तिच्या पोटात कधी गेलेलंच नाही. बाईंनाही तसंच वाटलं आणि त्यांनी डोस वाढवला, आणखी काही दिलं, तर? सांगावं तर मुलगा किल्ल्या काढून घेईल, सून माझ्या तोंडाकडे बघणार नाही. न सांगावं तर... पुढचं माझ्याने लिहवत नाही.

सून आत पोरीजवळ गजरे ओवत बसली आहे. मी ओट्यावर, मांडीवर फोन. इतके दिवस मनाशी म्हणत होतो, नानांनी शिकवलं तेच करतोय. खरं सांगतो, पहिली गोळी तोडताना तुमची आठवणही नव्हती. नुसती भीती होती. शेवंती नंतर आठवली, आणि तिच्या आडोशाला बरं वाटलं. बाई म्हणाल्या होत्या लगेच फोन करा, आणि मी तुम्हाला कागद लिहीत बसलोय, कारण तुम्ही आता माझा कान धरू शकत नाही.

लिहिताना मी पुटपुटतो. सून आतून विचारतेय, "आबा, कुणाशी बोलताय?" अजून कुणाशीच नाही. दोघींनाही बाहेर बोलावतो. पोरीच्या समोरच लावतो बाईंना फोन.