भगवंतभाऊचे कापलेले अकरा सेकंद

मी, श्याम नत्थुजी खारोडे, वय चौसष्ट, धंदा माहितीपटांचे संकलन, म्हणजे दुसऱ्यांनी काढलेली चित्रे कापणे व जोडणे, राहणार अमरावती, हे मृत्युपत्र स्वखुशीने लिहीत आहे. माझी बुद्धी ठिकाणावर असल्याचा दाखला डॉक्टरांनी दिला आहे. पत्नी जयवंताचे मत वेगळे आहे, पण ते कायद्याने लागत नाही.

१. राहते घर व बँकेतली ठेव जयवंताला. ठेव पाहून तिने हसू नये.

२. संकलनाचा संगणक पुतणी आचलला. तिने लग्नाचे व्हिडिओ करावेत, त्यात निदान जेवण मिळते. माझी खुर्ची कोणालाही देऊ नये. तिने माझी कंबर खाल्ली आहे.

३. मोर्शीकडच्या संत्राबागांवरील माहितीपटासाठी मिळालेली ढाल भंगारात घालावी. कारण असे. त्यात माझा थोरला भाऊ भगवंत म्हणाला होता, "म्या ठरवलं होतं, विहिरीचं पानी कोनाले देनार नाई. मंग खुशालरावची झाडं वाळतानी पाह्यली, अन् राहवलं नाई. पाइप टाकून देल्ला." दिग्दर्शकाला गावात एक वाईट माणूस हवा होता. मी "विहिरीचं पानी कोनाले देनार नाई" एवढेच ठेवले आणि बाकीचे अकरा सेकंद कापले. सांधा दिसू नये म्हणून वर रवंथ करणारी गाय टाकली. परीक्षकांनी गाईचेही कौतुक केले.

चित्रपट गावात दाखवला. त्यानंतर भावाच्या दारी कोणी चहालाही येईना. खुशालराव एकटा खरे सांगत फिरला, तर लोक म्हणाले, "पानी घेतलं, म्हनून बोलते." भाऊने फोन केला, "शाम्या, माह्यं बाकीचं बोलनं कुठी गेलं?" मी म्हणालो, वेळेत बसत नव्हतं. चाळीस वर्षांच्या धंद्यात याहून हलके वाक्य मी बोललो नाही. सहा वर्षे तो माझ्याशी बोललेला नाही, आणि मला माझ्या त्या कापण्याची फार लाज वाटते.

४. ते मूळ चित्रण न कापता गावात दाखवावे. माझ्या तेराव्याला दाखवावे, असे आधी लिहिले होते. जयवंता वाचून म्हणाली, "म्हंजे तुमी सुटले, अन् गावाले तोंड आमी दाखवावं?" बाई बरोबर बोलली. ते खोडले. या कलमासाठी माझ्या मरणाची वाट पाहू नये, मीच चित्रण घेऊन गावी जातो.

वरील मजकूर अमरावतीत लिहिला. सही मात्र भावाच्या ओसरीवर करत आहे. आज इथे गावाला पूर्ण चित्रण दाखवले, आणि काय कापले व कशासाठी, ते मी उभा राहून सांगितले. थोडी मंडळी उठून गेली. भगवंतभाऊ शेवटपर्यंत बसला आणि एवढेच म्हणाला, "सा वर्सं मी हेच तं सांगून राहिलो."

स्थळ : तालुका मोर्शी
दिनांक : ११ जानेवारी २०२६

सही : श्याम नत्थुजी खारोडे

आमच्या समक्ष सही केली :
१. खुशालराव बोबडे, शेजारचे बागायतदार
२. पार्बताबाई ढोले, अंगठा